क्रिस्टल माझ्या खिशात होता

अंकाच्या संपादक बाईंचा फोन आला तेव्हा त्या म्हणाल्या, "हारूनभाई, तुमच्या नोकरीतले चार गमतीचे किस्से लिहून द्या. दिवाळीत लोकांना हलकंफुलकं वाचायला आवडतं." मी हो म्हटलं. किस्से आहेत, सांगतो. पण ज्या कामासाठी मी सस्पेंड झालो तेही सांगणार आहे. त्याचा मला पस्तावा नाही, हे आधीच लिहून ठेवतो. बाईंना जड वाटलं तर त्यांनी गमतीचा भाग कापावा, सस्पेंडचा नको.

पुसदला मला हारून मिस्त्री म्हणतात. सव्वीस वर्षं मी तिथल्या कालरेषा समायोजन केंद्रात ऑपरेटर होतो. हे नाव फक्त पाटीवर. लोक रेघमशीन म्हणायचे. ऑटोवाल्याला पाटीवरचं नाव सांगितलं तर तो तहसीलसमोर नेऊन सोडायचा. रेघमशीन म्हटलं की बरोबर आमच्या दारात.

त्याआधी मी अब्बांच्या दुकानात रेडिओ दुरुस्त करायचो. केंद्रासाठी माणूस निवडायला यवतमाळहून साहेब आले तेव्हा ओळीत सगळे डिप्लोमावाले, मी एकटा बारावी. साहेबांनी दोन सूर एकाच वेळी वाजवले आणि विचारलं, दोघांत फरक आहे का? बाकीचे कागदावर काहीतरी मांडू लागले. मी म्हटलं, "साहेब, दुसरा किंचित उतरलेला आहे, आणि तुमच्या स्पीकरचा कागद फाटलाय." नोकरी मला मिळाली.

ज्यांनी मशीन पाहिलं नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. प्रत्येक माणसाच्या दिवसांची एक रेघ असते. कालनंतर आज, आजनंतर उद्या. एका घरातल्या माणसांच्या रेघा जवळजवळ चालतात. मशीन दोन कामं करायचं. पहिलं जुळवणी, म्हणजे सरकलेल्या रेघा परत एकमेकींशेजारी आणणं. दुसरं फेर, म्हणजे रेघेवर मागे जाऊन एखाद्या दिवसाला वेगळं वळण देणं. मशीनची सुई तीन वर्षांच्या मागे जात नसे. कितीही ओरडा, तीन वर्षं आणि एक दिवस झाला की संपलं.

मशीन म्हणजे हिरव्या रंगाचं, गोदरेजच्या कपाटापेक्षा जरा बुटकं लोखंडी धूड. समोर एक नॉब, एक तबकडी, एक स्पीकर. बाजूला पितळी मूठ. अर्जदारानं ती मूठ धरायची, मी नॉब फिरवायचा. आत सुपारीएवढा एक क्रिस्टल. प्रत्येक मशीनचा क्रिस्टल वेगळा, एकाचा दुसऱ्याला चालत नाही, माणसाची रेघही त्याच्या भागातल्या मशीनवरच लागते, आणि क्रिस्टल नसेल तर सगळं धूड भंगाराच्या भावाचं. माझ्या डाव्या मनगटात तांब्याचं कडं असायचं. त्याची तार अंगणातल्या खड्ड्यात, मीठ-कोळशाच्या अर्थिंगमध्ये गेलेली. उन्हाळ्यात त्या खड्ड्यात रोज दोन बादल्या पाणी ओतावं लागे. शेजारच्या बाया टँकरच्या रांगेत उभ्या असायच्या आणि हा माणूस मातीत पाणी ओततोय म्हणून माझ्या सात पिढ्यांचा उद्धार करायच्या.

ते कडं कशासाठी? फेर झाला की सगळ्यांच्या रेघा नव्या होतात, जुनं कोणालाच आठवत नाही. मूठ धरलेला माणूस तिथेच उभा राहतो, पण आपण का आलो हे त्याला ठाऊक नसतं. बाकीचे आपापल्या नव्या जागी जातात. अर्जाची फाईलसुद्धा कोरी होते, कारण नव्या रेघेत अर्ज करायचं कारणच उरत नाही. ऑपरेटरचंही तसंच झालं तर मशीन थांबवायचं कोणी? म्हणून त्याला कड्यानं जमिनीशी बांधून ठेवायचं. त्याला दोन्ही रेघा आठवतात. त्याला एकट्यालाच.

यामुळे आमच्या धंद्यात कौतुक नावाची गोष्ट नव्हती. काम जेवढं चांगलं, तेवढं गिऱ्हाईक जास्त भांडायचं. दिग्रसचे एक निवृत्त गुरुजी आले होते. शाळेच्या स्नेहसंमेलनात त्यांनी प्रमुख पाहुण्यांचं आडनाव चुकीचं घेतलं होतं आणि वर्षभर त्यांना झोप नव्हती. "मिस्त्री, फक्त तेवढा एक शब्द बदला. बाकी भाषण चांगलं झालंय, त्याला हात लावू नका." असं बारीक काम सगळ्यात अवघड. मी दोन तास घामाघूम झालो. शब्द बदलला. गुरुजींनी मूठ सोडली, इकडेतिकडे पाहिलं आणि कडाडले, "मला इथे कोणी आणलं? माझी बस गेली ना!" तक्रारवहीत पानभर तक्रार लिहून गेले. अक्षर मात्र सुंदर होतं.

आणि फायली कोऱ्या होत असल्यामुळे वर्षअखेरीच्या अहवालात 'केलेले फेर' या रकान्यात दरवर्षी शून्य. वरून विचारणा यायची, आपण वर्षभर काय करता? आम्ही उत्तर पाठवायचो, यंत्र सुस्थितीत आहे.

जुळवणीचं मात्र तसं नव्हतं. ते दिसायचं, लोकांना आठवायचं. फुलसावंगीत एकदा दोन सख्ख्या भावांच्या रेघा दिवसानं सरकल्या. एकाच घरात थोरल्याचा बुधवार आणि धाकट्याचा मंगळवार. थोरला म्हणे गावात रोडग्यांचं जेवण काल झालं, धाकटा म्हणे आज आहे. मी लहान पेटी घेऊन एसटीनं गेलो. दोघांना समोरासमोर बसवलं. दोन रेघांचे दोन सूर एकत्र वाजले की त्यात एक हेलकावा येतो, वँव वँव वँव. नॉब फिरवत जायचं. हेलकावा लांबत लांबत जातो आणि एका क्षणी एकच सूर उरतो. त्या क्षणासाठी मी ही नोकरी आयुष्यभर केली असती. धाकट्यानं डोळे उघडले आणि म्हणाला, "मिस्त्री, रोडगे खाल्ल्याचं याद आलं. पण पोट तं रिकामंच हाये!" त्याच्या वहिनीनं त्याला परत वाढलं, मलाही वाढलं.

इथपर्यंत बाईंना हवं तसं झालं. आता पुढचं.

नोकरीच्या पाचव्या वर्षी एक तरुण आला. कापसाच्या जिनिंगमध्ये काम करताना त्याचा पाय पट्ट्यात सापडून गुडघ्याखाली गेला होता. अपघाताचे अर्ज तेव्हा लगेच मंजूर व्हायचे. सोबत त्याची बायको आणि दीड वर्षाची मुलगी, मिनू. सुई लावायला वेळ लागतो, तोवर मिनू माझ्या टेबलावर बसली होती. माझ्या जुन्या ट्रान्झिस्टरचं बटण पिळायची, खरखर झाली की खदखदून हसायची, आणि मी बंद केला की पुन्हा पिळायची. तिला मी ग्लुकोजचं बिस्कीट दिलं. मग बायको मुलीला घेऊन बाहेरच्या बाकावर बसली, तरुणानं मूठ धरली, मी नॉब फिरवला.

तो दोन पायांवर उभा राहिला. त्याच्याकडे पाहून मला एवढा आनंद झाला की मी ओरडलो, "बाई, आत या, बघा!" कोणी आलं नाही. बाहेर गेलो. बाक रिकामा.

तो पाय गेल्यावर दवाखान्यात पडला होता आणि त्याची बायको त्या दवाखान्यात आया होती. तिथेच त्यांची ओळख झाली होती. पाय गेलाच नाही, तर तो दवाखान्यात गेला नाही. तुम्हाला वाचताना वाटेल, एवढं साधं यांना कळलं कसं नाही? नाही कळलं. त्या बाईलाही नाही कळलं, अर्जावर तिची सही होती. आम्ही सगळे पायाकडे बघत होतो.

पुढच्या रविवारी मी त्या दवाखान्यात गेलो. ती व्हरांडा पुसत होती. मला म्हणाली, "कोणाकडे आलात? पेशंट कोण हाये तुमचा?" मी म्हटलं, कोणी नाही. घरी येऊन जुबेदाला, माझ्या बायकोला, सगळं सांगितलं. तिच्याशिवाय कोणाला सांगितलं नाही. साहेबांना सांगायला हवं होतं. नोकरी नवी होती, मी घाबरलो. या नोकरीत मला ज्याची लाज वाटते ती गोष्ट ही आहे. पुढची नव्हे.

पुढची गोष्ट विमलताईंची. फुलसावंगीकडच्या एका खेड्यातल्या. नवरा लवकर गेलेला, सहा एकरांत कपाशी आणि तूर त्या स्वतः करायच्या. एकुलता एक मुलगा प्रकाश. त्याचं लग्न होऊन सहा महिने झाले होते आणि पुलियावर ट्रॅक्टरची ट्रॉली उलटून तो गेला. सून ज्योती, वय बावीस. भाऊबंद म्हणत होते, तिला माहेरी पाठवा. विमलताईंनी तिला ठेवून घेतलं, वर्षभरानं स्वतः स्थळ पाहिलं आणि दिग्रसच्या एका भल्या माणसाशी तिचं लग्न लावून दिलं. मुलीच्या आईच्या जागी स्वतः बसल्या.

एका बाजूला हे, आणि दुसऱ्या बाजूला त्यांनी प्रकाशच्या फेरासाठी अर्ज केला होता. तो या टेबलावरून त्या टेबलावर फिरत राहिला. मंजूर होऊन माझ्याकडे आला तेव्हा तीन वर्षांतले बावीस दिवस उरले होते.

सकाळी अकराला त्या आल्या. धुतलेलं लुगडं, हातात पिशवी. पिशवीत प्रकाशचा शर्ट, इस्त्री केलेला. माणूस परत येतो तो अंगातल्या कपड्यांनिशी येतो, शर्ट लागत नाही. पण ते मी बोललो नाही. मी फाईल वाचत होतो. कुटुंबातल्या सगळ्यांच्या सह्या हव्यात असा नियम. कुटुंबात त्या एकट्याच. ज्योती आता दुसऱ्या घरची, तिच्या सहीची गरज नव्हती. सगळं नियमात होतं.

मी विचारलं, "सूनबाईला लेकरू आहे का?"

त्यांनी शर्टाची घडी पिशवीत नीट सारली. मग म्हणाल्या, "हाये. पोरगी. आठ महिन्याची."

"ताई, प्रकाश आला तर ज्योती त्याच्याच घरी राहील. दिग्रसला जाणारच नाही. मग त्या मुलीचं काय?"

"तिले काही नाई होणार, मिस्त्रीभाऊ. ना दुखणार, ना खुपणार. ते होणारच नाई."

त्यांनी याचा विचार केलेला होता. रात्रंदिवस केलेला होता. आवाजात दगडासारखा ठामपणा होता.

"आन् ज्योतीले याद बी नाई राहणार," त्या म्हणाल्या. "तिचा पहिला नवरा तिले भेटीन. माहं पोरगं मले भेटीन. सांगा, रडणार कोण?"

"मी," मी म्हणालो. "मला आठवेल."

त्यांनी माझ्याकडे नीट पाहिलं. "तुम्ही कोण?"

खरंच होतं. मी कोण? मूठ त्यांची, मुलगा त्यांचा, सह्या साहेबांच्या. मी फक्त नॉबवरचा हात. पण हात माझा होता, आणि त्यानं एकदा ते काम केलेलं होतं.

मी मशीन बिघडलंय असं खोटं सांगितलं असतं तर सगळं सोपं झालं असतं. आमच्याकडे तसं चालायचंही. मी त्यांना सरळ सांगितलं, "ताई, मशीन ठणठणीत आहे. मीच चालवणार नाही."

आणि मग मी एक चूक केली. फाईलमधून नंबर घेऊन ज्योतीला फोन केला. अर्जाची माहिती बाहेर सांगायची नाही असा नियम होता. तो मोडल्याचं मला काही नाही. पण ती दुसऱ्या दिवशी लेकराला घेऊन दिग्रसहून आली, माझ्यासमोर बसली, सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "प्रकाश खरंच येईन काय, काका?"

"येईल."

ती लेकराकडे पाहत राहिली. अर्धं मिनिट असेल. तेवढ्यात तिच्या चेहऱ्यावरून काय काय गेलं ते मी लिहू शकत नाही. मग ती उठली. लेकरू छातीशी एवढं घट्ट धरलं की ते रडायला लागलं.

"मले कायले सांगितलं तुम्ही?" ती म्हणाली. "आता मी जन्मभर याद ठेवीन का मी विचार केला होता. एवढं लेकरू मांडीवर असून मी विचार केला." आणि निघून गेली.

तिला बोलवायला नको होतं. ठरवायचं ओझं मला जड झालं म्हणून मी ते तिच्या डोक्यावर ठेवायला गेलो. त्या दिवशी मला समजलं की हे मलाच उचलायचं आहे.

त्याच दुपारी यवतमाळहून साहेबांचा फोन आला. वाईट माणूस नव्हता तो. म्हणाला, "हारून, त्या बाईंचा एकुलता एक मुलगा आहे. तुला दया येत नाही का?"

"येते साहेब."

"मग कोणत्या नियमाखाली थांबवतोस?"

"नियम नाही. अर्जात मागच्या माणसांचे रकाने आहेत, पुढे जन्मलेल्यांचा रकानाच नाही."

"रकाना नाही म्हणजे अडचण नाही. उद्या चालव. नाहीतर मी यवतमाळचा ऑपरेटर पाठवतो."

फोन ठेवला. मशीनचं मागचं झाकण चार स्क्रूंचं. सवयीनं दोन मिनिटांत उघडलं, क्रिस्टल काढला, रुमालात गुंडाळला आणि शर्टाच्या खिशात घातला. झाकण पुन्हा लावलं, कारण उघडं मशीन ठेवून जाणं मला जमत नाही. टेबलावर चिठ्ठी लिहिली: क्रिस्टल माझ्याजवळ आहे. हरवलेला नाही, चोरीला गेलेला नाही, मी नेला आहे. मुदत टळली की परत करीन. खाली सही, पूर्ण नाव. खिसा झाकून नाही, उघड्या दारातून बाहेर पडलो.

दुसऱ्या दिवशी सस्पेंशनचा कागद आला. तिसऱ्या दिवशी पोलीस आले. मी म्हटलं, न्या मला, क्रिस्टल कुठे ठेवलाय ते सांगणार नाही. दिवसभर ठाण्यात बसवलं, संध्याकाळी सोडलं. हवालदार चहा देताना म्हणाला, "चाचा, कशाले अडून बसले? दगडच तं हाये." मी म्हटलं, दगडच आहे.

पण त्या दिवसांतला खरा त्रास पोलिसांचा नव्हता. चौथ्या दिवशी सकाळी दार उघडलं तर विमलताई आमच्या ओट्यावर बसलेल्या. मांडीवर तीच पिशवी. भांडल्या नाहीत, शिव्या दिल्या नाहीत. नुसत्या बसल्या. संध्याकाळच्या बसनं गेल्या आणि दुसऱ्या दिवशी पहिल्या बसनं परत आल्या. रोज. मोहल्ल्यातले लोक जमायचे, कोणी मला समजवायचं, कोणी त्यांना. शेजारचा मला म्हणाला, आईच्या समोर असं दगड होऊन बसतोस, तुला देव दिसत नाही का? मी काय सांगणार? मिनूबद्दल सांगितलं असतं तर ते ऐकणारा प्रत्येक जण मला वेडा म्हणाला असता.

जुबेदा पहिल्या दिवशी त्यांना चहा द्यायला गेली. त्यांनी घेतला नाही. दुसऱ्या दिवशीही नाही. तिसऱ्या दिवशी जुबेदानं ज्वारीच्या भाकरी केल्या, ताट घेऊन ओट्यावर त्यांच्याशेजारी बसली आणि स्वतः जेवायला लागली. थोड्या वेळानं विमलताईंनी भाकरीचा तुकडा मोडला. त्यानंतर रोज दोघी ओट्यावर जेवायच्या. मी आत. विमलताई जुबेदाला प्रकाशच्या गोष्टी सांगायच्या. लहानपणी तो विहिरीत कसा पडला आणि स्वतःच कसा पोहून वर आला. त्याला तिखट कसं चालायचं नाही. मला आतून सगळं ऐकू यायचं. मला ऐकू जावं म्हणूनच त्या मोठ्यानं सांगत असतील.

एका दुपारी मी हरलोच होतो. रुमाल बाहेर काढला, सोडला. जुबेदा आत आली, तिनं रुमाल पाहिला. म्हणाली, "देना है तो दो. लेकिन फिर रोज रात को उठके मत बैठना. एक के वास्ते बीस साल से बैठ रहे." मी रुमाल पुन्हा बांधला.

मुदतीच्या शेवटच्या दिवशी, ज्या वेळी ट्रॉली उलटली होती ती वेळ टळली. दुपारचे साडेतीन. मी बाहेर ओट्यावर आलो. विमलताईंनी विचारलं, "झालं?"

"झालं."

त्या उठल्या. गुडघ्यांना हात लावून, हळूहळू. "मिस्त्री," त्या म्हणाल्या. भाऊ म्हणायचं त्यांनी सोडलं होतं. "माह्या पोराले ट्रॉलीनं एक डाव मारलं. दुसऱ्या डाव तू मारलं." आणि गेल्या.

मी संध्याकाळी केंद्रात जाऊन क्रिस्टल टेबलावर ठेवला आणि पावती मागितली.

चौकशी यवतमाळला झाली. तीन साहेब, एक टायपिस्ट. तिथे मी पहिल्यांदा मिनूची गोष्ट मोठ्यानं सांगितली. जिनिंगचा पाय, दवाखान्यातली आया, टेबलावरचा ट्रान्झिस्टर, सगळं. मधले साहेब फायली चाळत होते. म्हणाले, "पण अहवालानुसार तुमच्या केंद्रात आजपर्यंत एकही फेर झालेला नाही. तुमच्याच सहीचे अहवाल आहेत, दरवर्षी शून्य."

"हो साहेब."

"मग अशी मुलगी होती याला पुरावा काय?"

"पुरावा मीच पुसला. म्हणून तर सांगतोय."

त्यांनी आपसांत कुजबुज केली. मग एक कागद पुढे केला. त्यावर असं होतं की यंत्रामुळे कोणतीही व्यक्ती नाहीशी झाल्याचं मला ज्ञात नाही, आणि माझं वर्तन मानसिक ताणातून घडलं. सही केली तर सस्पेंशन रद्द, पुसदचं मशीन परत माझ्याकडे. साहेब समजुतीनं म्हणाले, "तुमच्यासारखा कान जिल्ह्यात नाही. एक सही करा आणि कामाला लागा."

मला मशीन हवं होतं. खोटं कशाला बोलू? ते हेलकावे, तो एक सूर, मला सगळं हवं होतं. मी कागद वाचला. मग टायपिस्टकडे पेन मागितलं. साहेबांना बरं वाटलं. मी छापील मजकुराखाली लिहिलं: मला ज्ञात आहे. तिचं नाव मिनू. वय दीड वर्ष. तिला ग्लुकोजचं बिस्कीट आवडायचं. मी पूर्ण शुद्धीवर होतो. आणि त्याखाली सही केली.

पुसदचं मशीन मला पुन्हा मिळालं नाही. यवतमाळच्या भांडारात पाठवलं. तारांची भेंडोळी मोजायची आणि रजिस्टरला लावायची. शेवटची साडेतीन वर्षं मी तेच केलं आणि तिथूनच रिटायर झालो. मात्र दुसऱ्याच वर्षी अर्जाचा नवा नमुना आला. त्यात एक रकाना वाढला होता: 'सदर दिनांकानंतर जन्मलेल्या व्यक्ती व त्यांचे पालक यांची संमती'. हा रकाना कोणामुळे आला हे कुठेही लिहिलेलं नाही. इथे लिहितो. माझ्यामुळे.

भांडारात असताना मी शनिवारी पुसदला घरी जायचो. एका शनिवारी यवतमाळच्या स्टँडवर विमलताई दिसल्या. बोट धरून चारेक वर्षांची मुलगी, दोन वेण्या, हातात पेप्सीकोला. मी खांबामागे जाऊ शकलो असतो. गेलो नाही. समोर जाऊन उभा राहिलो.

त्यांनी मला ओळखलं. मुलगी म्हणाली, "आजी, हे कोण?"

"ज्योतीची?" मी विचारलं.

"होय. उन्हाळाभर माह्याजवळच राह्यते." मुलीची वेणी सारखी करत त्या म्हणाल्या, "तुम्ही तवा मशीन चालवलं असतं तं मले हिचं काही वाटलंच नसतं. आता हिच्याबिगर घास उतरत नाई. आन् हिले पाह्यलं का प्रकाश याद येते. दोन्ही तुमच्यानं झालं."

"हो."

"मी माफ नाई करणार."

"नका करू, ताई."

पुसदची बस लागली. झुंबड उडाली. त्या म्हणाल्या, "मिस्त्री, खिडकीची जागा धरा. पोरीले बस लागते." मी खिडकीतून रुमाल टाकला, धक्के खात चढलो, तिघांचं बाक अडवून धरलं. त्या मुलीला घेऊन आल्या. तिला खिडकीशी बसवलं, मध्ये स्वतः बसल्या. मी उभाच होतो. पुढच्या सीटवरच्या बाईनं वळून विचारलं, "तुमचे भाऊ काय हे?"

विमलताईंचा आवाज शेतात वाढलेला. सगळ्या बसला ऐकू गेलं. "भाऊ कायचा! माहं पोरगं परत येणार होतं. या माणसानं येऊ देलं नाई. हाच तो."

माना वळल्या. तिकिटं फाडता फाडता कंडक्टरही थांबला. मागून एक म्हातारा म्हणाला, "काहो, खरं हाये काय हे?"

"खरं आहे," मी म्हणालो. "तो मीच."

आणि त्यांच्या शेजारी, माझ्या जागेवर बसलो.